तो म्हातारा हसत का उतरला

"मिठाची गोष्ट कोण सांगणार?" माझ्या मागच्या रांगेतल्या गृहस्थांनी शेजाऱ्याला विचारलं.

"हेडमास्तर. तोंडपाठ आहे त्यांना. ती झाली नाही तर प्रभाकरची सभा कसली?"

काका, तुमच्या शोकसभेला मी शाळेच्या हॉलमध्ये तिसऱ्या रांगेत कडेच्या खुर्चीवर बसले होते. कडेची अशासाठी, की कोणी "तूही दोन शब्द बोल" म्हणालं तर गुपचूप बाहेर पडता यावं. समोर टेबलावर तुमचा फोटो होता. एसटीच्या ओळखपत्रावरचा, मोठा करून आणलेला. त्यात तुम्ही आत्ता "दारात उभे राहू नका, आत जागा आहे" म्हणाल असे दिसत होता. हाराखालीसुद्धा.

मला रडू येत नव्हतं. माझ्याकडे बातमी होती. एवढी मोठी बातमी माझ्याकडे आयुष्यात कधी नव्हती, आणि ती ज्या एका माणसाला सांगायची तो फ्रेममध्ये जाऊन बसला होता. खरं सांगू? त्या क्षणी मला तुमचा रागच आला. अजून चार दिवस थांबला असतात तर काय बिघडलं असतं?

सभा काल झाली. आज लिहिते आहे. क्रमाने सांगते, कारण मधूनच सुरू केलेली गोष्ट तुम्हाला आवडायची नाही.

दोन वर्षांपूर्वी आईने मला तुमच्या दारात आणून उभं केलं. "हिला कम्प्युटर येतो, मराठी टाइप करते, घरात बसून असते. घ्या हिला." मी तेव्हा ओळीवर बोट ठेवून मराठी वाचायचे. तुम्ही ते पाहिलंत आणि काकूंना आतून हाक मारलीत, "अगं, ये बघायला. कॉन्व्हेंटची मुलगी देवनागरी वाचतेय, जशी काही वेळापत्रकात गाडी शोधतेय." मला भयंकर लाज वाटली. पण बोट उचल असं तुम्ही कधी म्हणाला नाहीत. आणि अडलेला शब्द विचारला की तुम्ही अर्थ सांगत नव्हता, माणूस सांगायचात. मी 'फितूर' विचारला, तुम्ही अर्धा तास एका गावच्या पाटलाबद्दल बोललात. तो शब्द मी आता जन्मात विसरणार नाही.

आमच्या शाळेच्या पुस्तकात क्रांतिकारक म्हणजे एक फोटो, खाली चार ओळी. मला वाटायचं की ते सगळे दूर कुठेतरी होऊन गेले. पनवेलमधून नुसत्या गाड्या जातात, कोकणात, पुण्याला, मुंबईला. इथे कोणी थांबत नाही आणि इथे काही घडत नाही. तुम्ही मात्र या भागाचा नकाशा थांब्याथांब्याने सांगायचात. या फाट्यावरचा शेतकरी दोन वर्षं तुरुंगात होता. कळंबोलीला आज जिथे लोखंडाचे ढीग आणि ट्रकांच्या रांगा आहेत तिथे शेत होतं, आणि त्या शेतात एकाने पत्रकं छापायचं यंत्र पुरून ठेवलं होतं. त्यानंतर मी कॉलेजच्या बसमधून कळंबोली ओलांडताना खिडकीबाहेर बघायला लागले. एकदा इतकी बघत बसले की उतरायचा स्टॉप गेला. हे मी तुम्हाला सांगितलं नाही. तुम्ही डोकं धरून हसला असतात.

तुमची माहिती गोळा करायची पद्धत तर मला अजूनही थक्क करते. तीस वर्षं कंडक्टरकी करताना तिकीट फाडता फाडता म्हाताऱ्या उतारूंना विचारायचं, "आजोबा, तुमच्या गावचं कोणी इंग्रजांच्या तुरुंगात गेलेलं?" त्यांनी सांगितलेलं रद्दीत निघालेल्या छापील कागदांच्या पाठीवर, हलत्या गाडीत, पेन्सिलीने लिहायचं. असे तीन गठ्ठे. त्यातून तुम्ही एकवीस चरित्रं लिहिलीत आणि दर ऑगस्टमध्ये शाळांतून सांगितलीत. आता त्यांचं पुस्तक होणार होतं, आणि ते मी टाइप करत होते.

त्यातलं सतरावं चरित्र हिराजीचं. तुमचं सगळ्यात लाडकं. उरणच्या वाटेवरच्या खाडीकाठच्या गावातला मिठागरात राबणारा हिराजी. बेचाळीसच्या चळवळीतला एक फरारी मुलगा त्याच्याकडे पिस्तूल ठेवून गेला. पोलिसांनी हिराजीला उचललं, मारलं, एका कानाने तो कायमचा बहिरा झाला, पण त्याने तोंड उघडलं नाही. पिस्तूल होतं मिठाच्या राशीत! पोलिसांनी ती रास दोन दिवस उपसली तरी मिठाने आपल्या माणसाचं गुपित सांभाळलं. हे वाक्य तुम्ही म्हणालात की शाळांमधली मुलं टाळ्या वाजवायची. मीसुद्धा, मनातल्या मनात.

मग तो मासळीवालीचा दिवस. उरणकडच्या त्या कोळीणबाई आमच्या जिन्यात बसून आईसाठी बोंबील साफ करत होत्या, आणि मी आईला टाइप केलेली पानं वाचून दाखवत होते. मिठाची रास आली तशा त्या सुरी थांबवून हसायला लागल्या.

"मिठात लोखंड? कोन सांगितलं गो तुला?"

"का? नाही ठेवत?"

"आगं, आमी मिठागरात कोयता नेला तरी सांजेला धुवून त्याला तेल लावतो. मीठ लोखंडाला खातं. मिठागराचा मानूस पिस्तूल मिठात ठेवंल? त्यापरीस खाडीत नाय टाकनार?"

मला रात्रभर झोप लागली नाही असं लिहिणार होते, पण ते खोटं होईल. मी त्याच दुपारी एका वाटीत जाडं मीठ घेतलं, त्यात एक खिळा खोचला आणि वाटी खिडकीत ठेवली. पंधरा दिवसांनी ती तुमच्यासमोर टेबलावर आणून ठेवली. तुम्ही खिळा उचललात, बोटाला तांबूस लागलं ते पाहिलंत, धोतराला पुसलंत आणि म्हणालात, "आपल्याकडे हवाच दमट."

"खाडीवर तर आणखी दमट असेल, काका."

दोन वर्षांत मी तुम्हाला दिलेलं ते पहिलं उलट उत्तर. तुम्ही चष्मा काढलात. "तीस वर्षं सांगतोय मी ही गोष्ट. तू मिठागर पाहिलंयस का कधी?"

मी पाहिलं नव्हतं. पण मी खूप दिवस मनात ठेवलेलं दुसरंच बोलले. "एकवीस चरित्रांत एकाही बायकोचं नाव नाही, काका. हिराजीला बायको असेल ना? पोलीस घरात आले तेव्हा ती कुठे होती?"

"नव्हतं गं कोणी सांगितलेलं. गाडीत बायका पुढे बसायच्या, मी मागे विचारत फिरायचो."

"मग विचारायचं पुढे."

तुम्ही उठून गॅलरीत गेलात. पुढचे चार दिवस बोलावलंच नाहीत. पाचव्या दिवशी मी जिना चढताना वरूनच ओरडलात, सगळ्या बिल्डिंगला ऐकू जाईल असं. "गोष्ट मोडायची असेल तर मोड! पण रिकाम्या हाताने मोडायची नाही. मिठात नव्हतं तर कुठे होतं ते शोधून आण!"

मी नुसती मान हलवली. तेव्हा "आणते" म्हणायला हवं होतं. तुम्हाला माझी मान दिसली की नाही, देव जाणे. त्यानंतर आठवड्याने तुम्ही सकाळी दूध आणायला म्हणून उतरलात आणि पहिल्या मजल्यावरच बसलात, ते परत उठला नाहीत.

काकूंनी तिसऱ्या दिवशी तिन्ही गठ्ठे माझ्या हातात दिले. "तूच घे. मला त्याचं अक्षर बघवत नाही." मी ते घरी आणले आणि पहिल्यांदाच स्वतः चाळले, कारण आजवर तुम्ही वाचायचात आणि मी टाइप करायचे. आणि काका, तिथे मला ते दिसलं. जवळजवळ प्रत्येक कागदाच्या शेवटी कंसात लिहिलेलं आहे: 'उतरला'. 'फाट्यावर उतरला'. 'गर्दी झाली, उतरला'. थांबा आला की तुमचे म्हातारे गोष्ट अर्धी टाकून उतरून जायचे! पुढचं तुम्ही जुळवायचात. प्रेमाने, मनापासून, पण जुळवायचात. ही चूक कुठल्याही इतिहासकाराने केली नसती. ती फक्त कंडक्टरच करू शकतो.

हिराजीचा कागद सापडायला मला दोन तास लागले. त्यावर शेवटी असं होतं: 'पोलिसांनी दोन दिवस मिठाची रास उपसली. (उतरला. हसत होता. का ते कळले नाही.)' आणि खाली, वेगळ्या दिवशी लिहिल्यासारखं, 'हिराजीची मुलगी आपट्याला दिलेली. तेव्हा लहान. विचारले नाही.'

मी खोलीत उभी राहिले. बसले. परत उभी राहिले. तो म्हातारा हसत होता, काका! शौर्याची गोष्ट सांगताना कोणी हसत उतरतं का? तो पोलिसांना हसत होता. मिठात पिस्तूल शोधणाऱ्या पोलिसांना!

दुसऱ्या दिवशी मी एकटी आपट्याच्या गाडीत बसले. कंडक्टरला तुमचं नाव सांगावंसं वाटलं, धीर झाला नाही. गावात उतरून पाच जणांना विचारावं लागलं. मला, जी दुकानात पेन मागायलाही आईला पुढे करते. पाचव्याने नदीकडची वाट दाखवली. "हौसाबाय व्हय? त्या काय, पापड वाळवताय्त त्या."

हौसाआजी ऐंशीच्या पुढच्या आहेत. मी पाठ करून आणलेलं वाक्य धडाधड म्हणून टाकलं. त्यांनी पापड उलटायचं थांबवलं नाही.

"कुटची तू?"

"पनवेल."

"सरकारी हायस?"

"नाही. एका कंडक्टरकाकांकडून आले."

हे ऐकून त्या माझ्याकडे वळल्या. त्यांच्या नातसुनेने चहा आणला, आणि मी विचारलं, "पिस्तूल मिठात होतं का हो, आजी?"

त्या इतक्या हसल्या की नातसून आतून धावत आली. "मिठात? आगं, माजी आय काय येडी होती?"

आय! बघा, पहिल्याच वाक्यात आली ती. पोशी तिचं नाव. पोशीबाय. मी वहीत तीनदा लिहिलं.

आता नीट ऐका. पिस्तूल हिराजीने छपराच्या पेंढ्यात खोचलं होतं. त्याला पोलीस घेऊन गेले त्याच संध्याकाळी पोशीने ते काढलं, खोबरेल लावून फडक्यात गुंडाळलं आणि भाताच्या कणगीत पुरलं. कणगी म्हणजे ती शेणाने लिंपलेली बांबूची मोठी टोपली, हे मला आजींनी हातांनी आकार करून दाखवलं. पण कणगीचं तोंड परत लिंपलं तर ओलं लिंपण दिसणार. मग पोशीने काय करावं? तिने अख्खं घर सारवून काढलं, आणि पुढे रोज पुन्हा. जमीन, ओटा, सगळ्या कणग्या. शिमगा आठ दिवसांवर होता. सासू ओरडत राहिली, "नवरा चौकीत आनि हिला सारवाया सुचतंय!" सगळंच ओलं, तर एक ओला ठिपका कोण शोधणार?

"हिराजीला सांगितलं तिनं?" मी विचारलं.

"तो चौकीत. कशी सांगनार? आनि सांगनार बी नव्हती. मागून बोलायची, मार खाल्ला का मानूस बोलतं. म्हाईतच नसंल तर काय बोलंल?"

मग आजींनी चहाचा कप खाली ठेवला. त्या म्हणाल्या, "दोन दिस बोल्ला नाय. तिसऱ्या दिशी पोलीस आले ते सरळ छपराला हात घालाया. आता तू समज."

मी समजले. "हे लिहू का, आजी?"

"लिव. कान फुटंस्तवर मारला त्याला. बोल्ला म्हनून लहान झाला का माजा बाबा?"

काका, यावर आपण महिनाभर भांडलो असतो. तुम्ही म्हणाला असता, मुलांना हे सांगू नये. मी म्हणाले असते, मुलांनाच सांगावं, म्हणजे त्यांना कळेल की घाबरणारी, मोडणारी माणसंसुद्धा या लढ्यात होती, आणि त्यांच्यामागे कोणीतरी छपरातून पिस्तूल काढून ठेवलेलं होतं. खरं तर असं काही मी तोंडावर म्हणाले नसते. एखादी वाटी आणून ठेवली असती. पण तुम्हाला समजलं असतं.

छपरात काही मिळालं नाही म्हणून साहेब संतापला, आणि पोशीने कपाळावर हात मारून रडत सांगितलं, "तो मिठागरातच असायचा वो, तितंच ठेवलं असंल." साहेब घाटावरचा. त्याला मिठाचं काय माहीत? दोन दिवस शिपाई रास उपसत राहिले, हातांना चिरा पडून त्यात मीठ गेलं, आणि अख्खं गाव झाडाआड उभं राहून तोंड दाबून हसत होतं. तुमचा म्हातारा त्यांच्यातलाच एक असणार!

"आनि मी कणगीवर बसलेली," आजी म्हणाल्या. "आय बोल्ली, उतरायचं नाय. शिपाई बूट घालून ओल्या सारवनावर फिरले. गेल्यावर मी खाली उतरून त्या बुटाच्या ठशात पाय ठेवला. एका ठशात माजे दोनी पाय मावले."

पुढे पावसाळ्याआधी एक अनोळखी माणूस भात मागायला आला. पोशीने त्याला पिशवी भरून भात दिला. पिशवी भातापेक्षा जड होती.

निघताना आजींनी माझ्या टाइप केलेल्या पानांवर बोट ठेवलं. त्यांना वाचता येत नाही. "यात माज्या आयचं नाव कुटं हाय?" मी म्हटलं, नाही. त्या पुन्हा पापडांकडे वळल्या. मी त्यांना शोकसभेचा दिवस आणि शाळेचा पत्ता सांगून आले. का सांगितला, तेव्हा मला ठाऊक नव्हतं.

तर काल. सभा सुरू व्हायच्या आधी मी काकूंच्या कानाशी सगळं सांगितलं. त्यांनी माझा हात घट्ट धरला आणि म्हणाल्या, "आज नको गं. आजचा दिवस त्याचा असू दे." मला ते पटलं. सुटल्यासारखंही झालं, हे कबूल करते. नंतर कधीतरी हेडमास्तरांना पत्र लिहीन असं ठरवून मी माझ्या कडेच्या खुर्चीवर जाऊन बसले.

हेडमास्तर उभे राहिले. गोष्ट त्यांनी छान सांगितली, अगदी तुमच्यासारखा एक हात वर धरून. आणि शेवटी जाहीर केलं, "हे पुस्तक पुढच्या आठवड्यात छापायला जाईल. प्रभाकररावांच्या एका शब्दालाही हात न लावता, जसंच्या तसं! हीच त्यांना श्रद्धांजली." टाळ्या पडल्या. मी मागे पाहिलं. शेवटच्या खांबाजवळ नातसुनेच्या शेजारी हौसाआजी बसल्या होत्या, हिरवं लुगडं नेसून. कधी आल्या कळलं नाही. सगळे टाळ्या वाजवत होते म्हणून त्यासुद्धा वाजवत होत्या.

ते मला बघवलं नाही, काका.

तुमचे शब्द मला प्यारे आहेत. मी मराठी वाचायला शिकले ती त्या शब्दांवर बोट ठेवून. पण तुमचं पुस्तक छापून आलं की ते कायमचं होणार, आणि ती बाई आपल्या आईचं नाव नसलेल्या गोष्टीला टाळ्या वाजवून आपट्याच्या गाडीत बसून परत जाणार. तुम्ही स्वतः तिथे असतात तर आधी बारा कारणं सांगितली असतीत, आणि तेराव्यांदा खुर्ची ओढून तिच्यासमोर जाऊन बसला असतात. पेन्सिल काढून. एवढं तुम्हाला मी ओळखते.

मी काकूंकडे पाहिलं. त्या माझ्याकडेच बघत होत्या. होकार नाही, नकारही नाही. फक्त बघत होत्या. मी उभी राहिले. मागचे गृहस्थ म्हणाले, "ही कोण?" मग आवाज आला. माझा आवाज एवढा मोठा आहे, हे मला ठाऊक नव्हतं.

"सर, जसंच्या तसं छापू नका. सतरावी गोष्ट अर्धी आहे, आणि उरलेली शोधायला काकांनीच मला पाठवलं होतं. पिस्तूल मिठात नव्हतं. हिराजीच्या बायकोने ते भाताच्या कणगीत ठेवलं होतं. तिचं नाव पोशी. तिची मुलगी त्या खांबाजवळ बसली आहे. आजी, पुढे या. माईक इथे आहे."